आधी कोण उपाशी राहिले ते सांग

नाशिक

चि. मुली,

तुझे पत्र आणि प्रबंधाचा आराखडा परवा रात्री वाचला आणि काल सकाळी पुन्हा वाचला. शंभर वर्षांच्या पावसाचे आकडे तू जमवलेस, त्यांचे आलेख काढलेस आणि शेवटी लिहिलेस की पाऊस आणि भूक यांचा मेळ कुठेच बसत नाही, तेव्हा विषयच बदलावा असे वाटते. ‘दुष्काळामुळे गरिबी येते की गरिबीमुळे दुष्काळ पडतो, हेच मला कळेनासे झाले आहे,’ हे तुझे वाक्य वाचून मला बरे वाटले आणि तुझा रागही आला. बरे यासाठी वाटले की मेळ बसत नाही, हे दिसायला मला नोकरीची निम्मी वर्षे लागली आणि तुला ते तेविसाव्या वर्षी दिसले. राग याचा आला की एवढे दिसल्यावर तू माघारी फिरायला निघालीस.

तुझ्या आराखड्यात पर्जन्यमान आहे, पेरणीक्षेत्र आहे, हेक्टरी उत्पादन आहे, लोकसंख्येची वाढ आहे. त्यात उपाशी राहिलेला माणूस नाही. आधी कोण उपाशी राहिले ते सांग. शेतमजूर की खातेदार, कोळी की विणकर, नवऱ्यामागे एकटी राहिलेली बाई की दुकानदार, हे आधी ठरव. धान्य किती पिकले, हा प्रश्न त्याच्यानंतरचा आहे.

आपल्या भाषेने इथे आपली थोडी अडचण केली आहे. पाऊस पडला नाही तरी आपण दुष्काळ म्हणतो आणि माणसे अन्नावाचून मेली तरी दुष्काळच म्हणतो. तू लिहिताना पहिल्याला अवर्षण म्हण आणि दुसऱ्याला दुष्काळ. एवढे केलेस तरी तुझे निम्मे आलेख आपोआप गळून पडतील. तू सुरगाण्याची आहेस, तुला हे मी सांगायला नको होते. आपल्या जिल्ह्यात इगतपुरीला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि पूर्वेला नांदगाव-येवल्याकडे पाचशेच्या आसपास. भूक पावसाच्या मापाने वाटली जात असती, तर सुरगाणा-पेठची माणसे भरल्या पोटी घरी बसली असती आणि येवल्याची माणसे त्यांच्याकडे कामाला आली असती. प्रत्यक्षात धो-धो पावसाच्या आषाढ-श्रावणातच तुमच्याकडची नागलीची कणगी तळाला जाते, सवाई-दिढीने, म्हणजे सव्वापट-दीडपट परत करण्याच्या बोलीवर, धान्य उचलावे लागते आणि पावसाळा सरला की तीच माणसे दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत छाटणीला, डिपिंगला म्हणजे घड औषधात बुडवायला, विरळणीला येतात. त्याच जिल्ह्यात मनमाडला अन्न महामंडळाची प्रचंड गोदामे आहेत. पाऊस एकीकडे, धान्य दुसरीकडे आणि भूक तिसरीकडे, हे तू लहानपणापासून पाहिले आहेस. मग पर्जन्यमापकाकडे उत्तर मागायला का गेलीस?

1943 चा बंगाल घे. तीस लाखांच्या आसपास माणसे गेली. अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांनी आकडे मांडून दाखवले की त्या वर्षीचा तांदळाचा पुरवठा 1941 पेक्षा अधिक होता, आणि 1941 मध्ये दुष्काळ नव्हता. मग मेले कोण? खेड्यातले शेतमजूर आणि कोळी. जपानी फौजा येतील या धास्तीने सरकारने नावा काढून घेतल्यामुळे ज्यांचा धंदा बसला ते नावाडी. युद्धखर्चाने भाव भडकले आणि त्यांची मजुरी होती तिथेच राहिली. कोलकात्यातल्या कारखान्यांच्या कामगारांना मात्र मालकांमार्फत स्वस्त तांदूळ मिळत होता. दुष्काळात सरकारने काय करायचे याचे नियम, म्हणजे दुष्काळ संहिता, कपाटात असूनही सरकारने त्या वर्षी दुष्काळ कधी जाहीरच केला नाही, ही गोष्ट लक्षात ठेव; तिच्याकडे मी पुन्हा येणार आहे. 1974 चा बांगलादेश तर याहून स्पष्ट आहे. 1971 ते 1975 या वर्षांत दरडोई धान्य सर्वांत जास्त होते ते त्याच वर्षी. पुराने भाताची लावणी बुडाली, लावणीची मजुरी बुडाली, आणि बुडालेले पीक ज्या वेळी घरी यायचे होते ती वेळ येण्याआधीच मजूर मेले.

आपल्या दख्खनेत 1876 ते 1878 या काळात काय झाले ते तुला पाठ असेलच. रिचर्ड टेंपल या इंग्रज अधिकाऱ्याने 1874 मध्ये बिहारात ब्रह्मदेशाचा तांदूळ आणून माणसे जगवली, त्याबद्दल उधळपट्टीचा ठपका घेतला, आणि तीनच वर्षांनी त्याच माणसाने इथल्या दुष्काळी कामांवरची मजुरी रोज एक पौंड धान्य आणि वर आणा-अर्धा आणा इतकी खाली आणली. आमच्या मुंबई इलाख्यातल्या मजुरांनी त्यावर काम सोडले, पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची बाजू मांडली, आणि गव्हाची निर्यात तरीही चालूच राहिली. पुढे 1880 च्या दुष्काळ आयोगाने लिहून ठेवले की शेतातले काम थांबते, मजुराची मजुरी जाते आणि म्हणून तो उपाशी मरतो. एवढे सगळे छापील असताना आपल्या कॉलेजांतून अजून ‘दुष्काळाची कारणे : अपुरा पाऊस, वाढती लोकसंख्या’ असे उतरवून दिले जाते, याचा मला संताप येतो.

आता माझे सांगतो. बहात्तरच्या दुष्काळात मी चौदा वर्षांचा होतो. आमच्या गावच्या आडाला पिण्यापुरते पाणी होते, आठवडी बाजारात थोडी का होईना बाजरी येत होती. आईच्या कनवटीला पैसा नव्हता, कारण रानात काम नव्हते. मग खडी फोडायचे काम निघाले. आई सायकलच्या जुन्या ट्यूबचे कडे करून त्यात दगड धरायची, म्हणजे हातोडी बोटावर बसत नसे. दुपारी सुकडी मिळे, त्यातली निम्मी ती पदराच्या गाठीत बांधून धाकटीसाठी घरी आणायची, आणि ती गाठ सोडताना धाकटी पदराचा तो कोपराही चोखायची. मजुरी हाती आली की परदेशातून आलेल्या मिलो ज्वारीच्या लाल भाकरी व्हायच्या. मे 1973 मध्ये राज्यात अशा कामांवर जवळजवळ पन्नास लाख माणसे होती. पिके पार गेली होती, तरी 1877 सारखी प्रेते पडली नाहीत. आईचे नाव मस्टरवर, म्हणजे कामाच्या हजेरीपटावर, होते म्हणून आम्ही भावंडे जगलो. वि. स. पागे यांनी मांडलेल्या रोजगार हमी योजनेचा पुढे कायदा झाला आणि 26 जानेवारी 1979 पासून तो अमलात आला. कायद्याचा अर्थ एका ओळीचा होता : मागेल त्याला काम. गाव दुष्काळी आहे की नाही, असा प्रश्न त्यात कुठेही नव्हता.

मी पुढे तलाठी झालो. आता तुला जे सांगणार आहे ते मी फार थोड्यांना सांगितले आहे.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. पूर्वेकडच्या एका सज्जावर, म्हणजे एका तलाठ्याकडच्या गावांवर, मी होतो. त्या साली सुरुवातीचा पाऊस बरा झाला, बाजरी हाताला लागली, आणि परतीच्या पावसाने दगा दिला. मी पीककापणी स्वतः उभा राहून केली, दाणे स्वतः तोलून घेतले. पैसेवारी, म्हणजे नेहमीचे पीक रुपया धरले तर यंदाचे किती पैसे, ती चौपन्न आली. पन्नासच्या वर, म्हणजे गाव टंचाईग्रस्त नाही. पौष लागला तेव्हा एक मजूर चावडीत आला. उंबऱ्याच्या आत तो आला नाही, टोपी हातात घेऊन उभा राहिला आणि म्हणाला, ‘आप्पा, काही काम निघंल का?’ मी पैसेवारीचा तक्ता त्याला दाखवला. ज्याला अक्षर येत नव्हते त्याला मी तक्ता दाखवला, आणि सांगितले की आपले गाव दुष्काळात बसत नाही.

विहिरी भरल्या नव्हत्या म्हणून त्या साली कुणी कांद्याची लागवड केली नव्हती, एवढीच गोष्ट माझ्या ध्यानात आली नाही. त्याची बायको दरवर्षी पौषात लागवडीच्या टोळीत असे. त्या मजुरीवर ते घर शिमग्यापर्यंत चाले. बाजरी ज्यांची होती त्यांच्या घरात होती. पैसेवारी पिकाची निघते. ज्याच्या नावे सातबारा नाही, त्याच्या बुडालेल्या मजुरीची पैसेवारी कोणी काढत नाही. पंधरा दिवसांनी मी त्यांच्या वस्तीवरून गेलो तेव्हा घराला कुलूपसुद्धा नव्हते, नुसती दाराला काटी लावलेली होती. मुकादमाची उचल घेऊन ते वीटभट्टीवर गेले होते. तिसरीत असलेला मुलगा बरोबर नेला होता. जाण्याआधी शेळ्या विकल्या होत्या, आणि त्या आठवड्यात सगळी वस्तीच शेळ्या घेऊन बाजारात उभी असल्यामुळे दोन शेळ्यांत एका शेळीचेही धान्य त्यांच्या हाती आले नव्हते. ते कुटुंब पुन्हा गावात आलेले मी पाहिले नाही.

मी खोटे लिहिले नव्हते, हे मी आजही छातीवर हात ठेवून सांगेन. आकडा बरोबर होता. वरून तोंडी सूचना होती की पन्नासच्या वरच्या गावांत कामांची मागणी पुढे करू नये, आणि नवीन नोकरीतल्या माणसाने ती मोडावी अशी अपेक्षा कोणी ठेवू नये. हे सगळे खरे आहे. पण कायदा मला ठाऊक होता आणि माझी स्वतःची आई मस्टरवरच्या नावाने जगली होती, हेही खरे आहे. मी धान्य मोजत बसलो आणि माणूस विचारला नाही. त्यानंतर ज्या ज्या सज्जावर गेलो तिथे पैसेवारी काही येवो, मागायला आलेल्या प्रत्येकाचा नमुना चार, म्हणजे काम मागण्याचा अर्ज, मी स्वतः भरून घेतला आणि तारीख घातलेली पोच त्याच्या हातात दिली. त्यापायी माझ्या बदल्या झाल्या, बढती लांबली, घरच्यांनी बोल लावला. मला त्याचे काही वाटत नाही. तू विचारले होतेस की आप्पा एवढे हट्टी का आहेत, त्याचे कारण हे आहे.

तुझ्या कोड्याकडे आता ये. गरिबी आधी की दुष्काळ आधी, हा वाद घालण्यात तू सहा महिने घालवलेस. त्या मजुराचे वर्ष दिवसवार मांडून बघ. गरीब होता म्हणून एक हंगाम बुडाल्यावर त्याच्याकडे मागे काही नव्हते. शेळ्या विकल्या, त्याही सगळ्यांनी एकदम विकल्या म्हणून मातीमोल गेल्या. उचल घेतली म्हणून पुढच्या वर्षाची मजुरी आधीच खाऊन झाली. मुलाची शाळा सुटली म्हणून तोही आयुष्यभर मजूरच राहणार. पुढचा पाऊस चांगला झाला असता, तरी या घराचा दुष्काळ सरला नसता. आणि पुढच्या अवर्षणात पहिले हेच घर कोसळले असते. सरकारदरबारी तो दुष्काळ एका वर्षापुरताही नोंदला गेला नाही, जसा बंगालचाही जाहीर झाला नव्हता. तुझा प्रबंध इथे आहे, आणि तू तो पावसाच्या तक्त्यात शोधते आहेस.

आता 1943 सारखे काही होणार नाही असे तुझ्या मार्गदर्शकांचे म्हणणे तू कळवलेस. तसे मरण होत नाही हे मला मान्य आहे. 2005 चा रोजगार हमीचा केंद्रीय कायदा आला, 2013 चा अन्न सुरक्षा कायदा आला, आणि हे फुकट आलेले नाही, माणसांनी मागून, भांडून मिळवले आहे. पण ज्या म्हातारीचा अंगठा झिजल्यामुळे रेशनच्या मशीनवर उमटत नाही, तिच्यापुरते मनमाडचे सगळे गोदाम रिकामेच असते. तिथेही प्रश्न तोच विचारायचा. आधी कोण उपाशी राहिले ते सांग.

तेव्हा विषय बदलायचा नाही. येत्या सोमवारी सकाळी सहाला पेठ फाट्यावर जा. गाड्या भरायच्या आत मजूर तिथे उभे असतात. तुझी बोली त्यांचीच आहे, तुला कोणी परके समजणार नाही. प्रश्नावली नेऊ नकोस. घरातले धान्य कोणत्या महिन्यात संपले, त्यानंतर पहिली वस्तू कोणती विकली, ती कितीला गेली आणि त्या पैशात किती तांदूळ आला, एवढेच विचार. काम मागायला कोणी कुठे गेले होते का आणि काय उत्तर मिळाले, तेही विचार. गाडीवाला ओरडला तर बोलणे तिथेच सोडून दे, त्यांची दिवसाची मजुरी तुझ्या प्रबंधापायी जाता कामा नये. दहा घरांचे असे वर्ष लिहून झाले की माझ्याकडे ये. 1880 च्या आयोगाच्या अहवालाचे माझे टिपण मी काढून ठेवले आहे. कागद जुना आहे, जपून हाताळ आणि दिवाळीच्या आत परत आण.

तुझा,
आप्पा