आधी विचार, बोटीला काय झालं होतं?

प्रश्न : ताई, मी बी.एस्सी. नर्सिंग करून तीन महिन्यांपूर्वी ऐरोलीत मेडिकल कोडिंगला लागले, म्हणजे रुग्णाच्या कागदांवरच्या आजार-दुखापतींना ठरलेले कोड लावायचं काम. अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचे इमर्जन्सीचे चार्ट आमच्याकडे येतात. गेल्या आठवड्यात एक आला : तळ्यात मोटरबोटीमागे ओढल्या जाणाऱ्या रबरी ट्यूबवरून एक तरुण वळणावर फेकला गेला, हात हँडलमध्ये अडकला, उजव्या दंडाचं हाड मोडलं. मी ‘मोटरबोटीवर पडणे’ म्हणून व्ही ९३.३३ सगळ्यात वर टाकला, खाली फ्रॅक्चर. ऑडिटमध्ये दोन चुका निघाल्या. सोबतचे म्हणतात, व्ही कोडला पैसेच मिळत नाहीत, वेळ घालवू नकोस. आणि एक मनातलं विचारते. आम्ही मोऱ्याचे, घरातले सगळे लाँचने भाऊच्या धक्क्याला जातात. ‘नीलकमल’ लाँचच्या अपघातातल्या जखमींना आपल्या कोडच्या पुस्तकातला कुठला कोड लागला असता?
— एक वाचक, उरण

उत्तर : पहिली चूक क्रमाची, ती पुन्हा होणार नाही. दुखापत वर, अपघाताचं कारण खाली. व्ही कोड कधीच पहिला बसत नाही.

दुसरी चूक मात्र समजून घे, कारण विचार तू बरोबर केलास, फक्त चुकीच्या बोटीचा केलास. तो तरुण मोटरबोटीवर नव्हताच. तो ट्यूबवर होता, आणि पुस्तकाच्या लेखी ट्यूब हीच त्याची बोट. ओढल्या जाणाऱ्या ट्यूबवरच्या माणसासाठी स्वतंत्र कोड आहे, व्ही ९४.३१. कोडची सातवी जागा भरायची म्हणून मध्ये एक्स आणि शेवटी ए, म्हणजे मुख्य उपचार चालू आहेत. सोबत तो काय करत होता ते सांगणारा वाय ९३.१६ (ट्यूबिंग त्यातच येतं) आणि मौजेसाठी गेला होता म्हणून वाय ९९.८. हे दोन वाय कोड पहिल्या वेळीच लावायचे. प्लास्टर काढायला येईल तेव्हा फ्रॅक्चरचा आणि व्ही कोडचा शेवट डी होईल, म्हणजे नंतरची भेट.

बाकी सगळे चार्ट एका प्रश्नावर सुटतात : बोटीला काय झालं होतं? उलटली, बुडाली, आदळली, पेटली आणि माणूस बुडाला तर व्ही ९०. त्याच कारणाने दुसरी इजा झाली तर व्ही ९१. बोट धडधाकट आणि माणूस पाण्यात पडून बुडाला तर व्ही ९२, बोटीवरच घसरला-भाजला तर व्ही ९३.

हे मी चुकून शिकले. १ ऑक्टोबर २०१५ला अमेरिकेत कोडची नवी पुस्तकं लागू झाली. त्याच हिवाळ्यात माझ्याकडे मेन राज्यातल्या एका लॉबस्टर पकडणाऱ्याचा चार्ट आला. डॉक्टरांनी वर लिहिलं होतं ‘बोटीचा अपघात, बुडता बुडता वाचला’. मी बुडण्याच्या परिणामाचा टी ७५.१ लावला आणि त्याखाली ‘मासेमारी बोट उलटून’ असा व्ही ९०.०२. दोन पानं पुढे नर्सची नोंद होती, ती मी उघडलीच नाही : पिंजऱ्याच्या दोरीत बूट अडकला, तोल जाऊन पाण्यात पडला, जोडीदाराने गळपट्टीला धरून वर ओढलं. बोट जागच्या जागी उभी होती! माझे वडील रेवदंड्याला मचव्यावर जायचे. जाळं सोडताना दोरीत पाय गुंतला तर काय होतं हे मी लहानपणापासून ऐकलेलं, आणि तरी मी बोट उलटवली. हवा होता व्ही ९२.०२ आणि सोबत वाय ९९.०, कारण तो पोटापाण्याच्या कामावर होता.

पैशांचं म्हणशील तर व्ही कोडला दर नाही हे खरं. देशभर सक्तीही नाही. काही राज्यं आणि काही विमा कंपन्या मागतात. पण तो वाय ९९.० बघ. हॉस्पिटलचं बिल त्या माणसाच्या आरोग्य विम्याने भरायचं की कामावरच्या दुखापतीच्या विम्याने, हा प्रश्न तिथूनच सुरू होतो. कारण लिहिलेलं नसेल तर विमा कंपनी अपघाताचा तपशील विचारणारं पत्र घरी पाठवते आणि उत्तर येईपर्यंत क्लेम पडून राहतो. हात गळ्यात बांधलेला माणूस ती पत्रं भरत बसतो. म्हणून वेळ घाल.

आता ‘नीलकमल’. १८ डिसेंबर २०२४, गेटवेहून घारापुरीला निघालेली लाँच, इंजिनाची चाचणी घेत असलेली नौदलाची स्पीडबोट येऊन धडकली, पंधरा जीव गेले. लाँच उलटली म्हणून हात आपोआप व्ही ९०कडे जाईल. पण अमेरिकी पुस्तकात व्ही ९०खाली आणि व्ही ९१खालीही वगळण्याची टीप आहे : लष्करी बोटीशी झालेली नागरी बोटीची टक्कर इथे नाही. तिच्यासाठी व्ही ९४.८१० आहे, शेवटी ए. आपल्याकडची हॉस्पिटलं मात्र जागतिक आरोग्य संघटनेचं पुस्तक वापरतात. त्यात हा बारकावा नाही, फक्त बोट कुठली ते विचारतात. फेरी प्रवासी जहाजात मोडते, म्हणून बुडालेल्यांसाठी व्ही ९०.१.

हा प्रश्न मनातला म्हणून विचारलास ते बरं केलंस. त्या दिवशी तुमच्या घरचं कोणी पाण्यावर होतं का, हे मला कळव.