'एन्थ्रिलिंग' म्हणणाऱ्यांचे कान टोचायला हवेत

प्रश्न असा आलाय की इंग्रजीत 'एन्थ्रॉल' हे जुन्या वळणाचं क्रियापद आहे त्याचा नेमका अर्थ काय, स्पेलिंगमध्ये शेवटी एल एक की दोन, 'थ्रिल'शी त्याचं काही नातं आहे का, आणि मराठीत 'मंत्रमुग्ध करणे' लिहिलं तर चालेल का.

सोप्पं आधी उरकून टाकू. ब्रिटिश लोक शेवटी एक एल लिहितात, अमेरिकन दोन, आणि पुढे एड किंवा इंग लागलं की दोघंही दोनच लिहितात, विषय संपला. जुन्या पुस्तकांत सुरुवातीला ई ऐवजी आय दिसेल, म्हणजे 'इन्थ्रॉल', तो छपाईचा दोष नाही, तसंही लिहायचे. अर्थ म्हणाल तर भुरळ घालणे, मोहिनी घालणे, भान हरपायला लावणे वगैरे वगैरे, ते मोबाइलवर दोन सेकंदांत मिळतं, त्यासाठी माझी गरज नाही.

माझी गरज आहे ती थ्रिलसाठी, कारण हल्ली कुठल्याही कार्यक्रमाला जा, निवेदिका माइक हातात घेऊन म्हणते, "व्हॉट ॲन एन्थ्रिलिंग परफॉर्मन्स!" एन्थ्रिलिंग?? असा शब्दच नाहीये हो! थ्रिलिंग आहे, एन्थ्रॉलिंग आहे, आणि यांनी दोघांची मिसळ करून वर फरसाण टाकलंय. बरं, ऐकणाऱ्यांना ते इतकं भारदस्त वाटतं की पुढच्या कार्यक्रमात तेच ऐकू येतं. वेबसिरीजच्या परीक्षणातही वाचलंय मी हे, छापलेलं, म्हणजे टाईप करताना पण कुणाला खटकलं नाही.

तर एन्थ्रॉल मधला 'थ्रॉल' म्हणजे गुलाम. वॉरक्राफ्ट हा कॉम्प्युटर गेम खेळणाऱ्या पोरांना हे आपल्यापेक्षा आधी माहीत असतं, त्यातला थ्रॉल नावाचा ऑर्क (राक्षसासारखा योद्धा) गुलाम म्हणूनच वाढलेला दाखवलाय. शब्द मूळचा इंग्रजांचा नाही, व्हायकिंग लोकांनी आणलेला. त्यांच्या नॉर्स भाषेत 'थ्रेल' (उच्चार साधारण असाच). इंग्लंडात तो दहाव्या शतकात लिखाणात दिसतो, लिंडिसफार्नच्या प्रसिद्ध बायबल हस्तलिखितात लॅटिन ओळींच्या मधे बारीक अक्षरात इंग्रजी अर्थ लिहिलेत त्यात. आणि मग १०१४ साली यॉर्कचा आर्चबिशप वुल्फस्टन एक जळजळीत प्रवचन देतो, त्यात तो तक्रार करतो की आपल्याकडचे थ्रॉल मालकाला सोडून पळतात, व्हायकिंगांना जाऊन मिळतात, आणि मग तोच थ्रॉल आपल्या जुन्या मालकाला करकचून बांधतो आणि त्याला थ्रॉल करून टाकतो. म्हणजे कालचा मालक आजचा गुलाम. हे काही रूपक-बिपक नव्हतं, खरे दोर, खरी माणसं. त्या काळात डब्लिन हा गुलामांचा मोठा बाजार होता आणि तो चालवत होते व्हायकिंग. डब्लिन लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

नॉर्स लोकांची एक जुनी कविता आहे, रिगस्थुला नावाची. रिग नावाचा देव तीन घरी मुक्काम करतो आणि तीन मुलगे होतात, थ्रॉल, कार्ल आणि यार्ल, म्हणजे गुलाम, शेतकरी आणि सरदार. (यार्ल म्हणजे इंग्रजीतला 'अर्ल', तो अजून पदवी मिरवतोय.) या थ्रॉलचं वर्णन वाचा एकदा. हाताची कातडी सुरकुतलेली, बोटांचे पेर गाठाळ, बोटं जाड, चेहरा ओबडधोबड, पाठीला बाक, टाचा लांब. कामं काय, तर कुंपणं घालणे, शेतात शेणखत टाकणे, डुकरं आणि बकऱ्या राखणे. पोरांची नावंही तशीच, एकाचं नाव गोठ्यावरून पडलेलं, एका पोरीचं जाड पोटऱ्यांवरून. लिहिणारा कोण्या गटातला होता हे सांगायला नको. आणि या शेणात हात घातलेल्या माणसावरून आलेला शब्द आज आपण शास्त्रीय संगीताच्या मैफिलीला लावतो!

आता थ्रिल. थ्रिल म्हणजे मुळात टोचणे, आरपार भोक पाडणे. 'नॉस्ट्रिल' म्हणजे नाकपुडी, त्यातलं 'ट्रिल' हेच, नाकाचं भोक. अंगातून काहीतरी आरपार गेल्यासारखं वाटतं म्हणून थ्रिल. थ्रॉल शी याचा काही संबंध नाही. पण आहे असं एका फार मोठ्या माणसाने ठणकावून सांगितलं होतं आणि इथेच खरी मजा आहे.

रिचर्ड शेनेविक्स ट्रेंच. १८५१ साली त्याचं शब्दांवरच्या व्याख्यानांचं पुस्तक आलं, प्रचंड खपलं. त्यात तो म्हणतो की थ्रॉल हा शब्द अशा काळातला आहे जेव्हा गुलामाचा कान टोचायची, म्हणजे 'थ्रिल' करायची, पद्धत होती. कान टोचलेला तो थ्रॉल. पाद्रीच तो, डोक्यात बायबल. जुन्या करारात खरंच तसा नियम आहे. हिब्रू गुलाम सहा वर्षं राबला की सातव्या वर्षी सुटायचा. पण तोच म्हणाला की माझं मालकावर प्रेम आहे, मला नाही जायचं, तर मालकाने त्याला दारापाशी न्यायचं आणि त्याचा कान आरीने (चपला शिवताना भोक पाडतात ते हत्यार) दारात टोचायचा, की झाला तो जन्माचा गुलाम.

काय सुंदर व्युत्पत्ती आहे! आणि साफ चुकीची. टोचणाऱ्या थ्रिलमधून नॉर्स थ्रेल निघतच नाही, आणि वॉल्टर स्कीटने १८८२ च्या आपल्या व्युत्पत्तिकोशात थ्रॉलची नाळ 'धावणे' या अर्थाच्या धातूशी जोडली, म्हणजे मालकाच्या कामाला पळणारा तो थ्रॉल. आपल्याकडे 'हरकाम्या' म्हणतात तसं काहीसं. बहुतेक हेच बरोबर आहे. गंमत अशी की हाच ट्रेंच १८५७ मध्ये फिलॉलॉजिकल सोसायटीपुढे उभा राहून म्हणाला की आपले इंग्रजी कोश किती अपुरे आहेत बघा, आणि त्यातून पुढे ऑक्सफर्ड डिक्शनरीचा घाट घातला गेला. आणि त्याहून गंमत म्हणजे हा गृहस्थ जन्मला डब्लिनमध्ये आणि पुढे आर्चबिशपही झाला डब्लिनचाच. थ्रॉलांच्या बाजारपेठेत! सोनारानेच कान टोचावे म्हणतात, इथे बिशपने टोचला आणि भोक भलत्याच जागी पडलं.

तरीपण ट्रेंचवर हसून मोकळं व्हायला मी तयार नाही, आणि इथे माझं आणि शब्दकोशवाल्यांचं जमत नाही. त्यांचं म्हणणं सरळ असतं: आधी खरा गुलाम, मग अर्थ पातळ होत होत 'मोहित करणे', जसा प्रत्येक शब्द झिजतो तसा हाही झिजला. अहो पण क्रियापदाकडे नीट बघा की! थ्रॉल हे नाम जुनं, पण एन्थ्रॉल हे क्रियापद बरंच नंतरचं, पंधराव्या शतकातलं, आणि ते पहिल्यापासून मुख्यतः मनाच्या गुलामीसाठीच वापरलं गेलंय, पापाची गुलामी, वासनेची गुलामी, प्रेमाची गुलामी. दोरखंडाने बांधून माणूस एन्थ्रॉल केला असे वापर कमी आणि तेही नंतरचे. म्हणजे झिजलं काहीच नाही, शब्द जन्मलाच मनासाठी. आणि त्या गुलामीत गुलामाची संमती आहे. दारापाशी स्वतःहून कान पुढे करणारा तो हिब्रू गडी आठवा. ट्रेंच व्युत्पत्तीत चुकला पण अर्थाच्या गाभ्यात अगदी बरोबर होता, असं माझं ठाम मत आहे आणि ते कुणी खोडून दाखवावं.

पुरावा हवाय? मिल्टन घ्या, १६६७. पॅरडाइज लॉस्ट या त्याच्या महाकाव्यात देव माणसांबद्दल म्हणतो, मी यांना मोकळं घडवलंय आणि हे मोकळेच राहणार, 'टिल दे एन्थ्रॉल देमसेल्व्हज', म्हणजे हे स्वतःच स्वतःला गुलाम करून घेईपर्यंत. देव पण हात झटकून मोकळा, तुमचा कान तुम्हीच टोचून घेतलात म्हणतो.

शेक्सपिअर घ्या. मिडसमर नाइट्स ड्रीम या नाटकात पऱ्यांचा राजा ओबेरॉन रुसलेल्या बायकोच्या, टायटानियाच्या डोळ्यांवर झोपेत जादूच्या फुलाचा रस पिळतो, जाग आल्यावर जो दिसेल त्याच्यावर जीव जडणार. आणि दिसतो कोण, तर गाढवाचं डोकं लागलेला बॉटम विणकर, वर तो गातोय. ती म्हणते माझा कान तुझ्या सुरावर फिदा आहे आणि 'सो इज माइन आय एन्थ्रॉल्ड टु दाय शेप' (इथे 'आय' म्हणजे डोळा). परी राणी, गाढवाच्या रूपाची गुलाम. शब्दयोगी बघा, 'बाय' नाही, 'टु' आहे. गुलाम कोणाचा तरी असतो ना, मालक दाखवायला टु लागतो. आज 'एन्थ्रॉल्ड बाय' म्हणतात ते चूक नाही, पण 'इन थ्रॉल टु' या वाक्प्रचारात तो जुना टु अजून जिवंत आहे, अमुक सरकार तमुक उद्योगपतींच्या इन थ्रॉल टु आहे असं अग्रलेखात वाचाल, तिथे मोहिनीबिहिनी काही नसते, सरळ ताबेदारी असते. आणि कीट्सची १८१९ ची कविता, त्यात त्या निर्दय सुंदरीच्या नादी लागलेले फिकट पडलेले राजे आणि राजपुत्र स्वप्नात येऊन ओरडून सांगतात की तिने तुलाही थ्रॉल करून ठेवलंय. तिथे जादू आणि गुलामी वेगळी काढूनच दाखवा.

म्हणून माझा राग फक्त एन्थ्रिलिंगवर नाहीये. "लंच एन्थ्रॉलिंग होतं", "सोसायटीची मीटिंग एन्थ्रॉलिंग झाली" हे काय आहे? मीटिंगमधून तुम्ही मधेच उठून चहा प्यायला गेलात ना? मग नव्हती एन्थ्रॉलिंग. उठता येतंय पण उठवत नाही, तिथेच हा शब्द लावायचा. यावर काहीजण लगेच म्हणतात, शब्दाचा उगम म्हणजे अर्थ नव्हे, भाषा बदलते. मान्य, मलाही कळतं ते, 'ॲडिक्ट' म्हणजे रोमन कायद्यात कर्ज न फेडल्यामुळे सावकाराच्या हवाली केलेला माणूस होता म्हणून मी चहाबाज माणसाला सावकाराचं नाव विचारत नाही. 'चाव' म्हणजे इटालियन लोकांचं हाय-बाय, ते पण व्हेनिसकडच्या 'तुमचा गुलाम' वरून आलंय, आता कोणाला आठवतं. पण 'भाषा बदलते' हे वाक्य आळसाचं लायसन्स म्हणून वापरायचं नाही, तेवढंच.

बदलते म्हणजे कशी बदलते बघायचं असेल तर डेन्मार्कला चला. तिकडे जटलंडच्या बोलीत 'ट्रेल्स' असा शब्द आहे, रोजचा, सगळ्यांच्या तोंडात. तोही त्याच थ्रेलवरून आलेला. अर्थ काय? वैतागवाणं, कंटाळवाणं, डोक्याला ताप. पाऊस ट्रेल्स, बस चुकली ट्रेल्स. म्हणजे एकाच गुलामाचा एक नातू इंग्लंडात जाऊन मंत्रमुग्ध करणारा झाला आणि घरी राहिलेला कटकट्या झाला! मला विचाराल तर घरी राहिलेला जास्त प्रामाणिक आहे, शेणखत टाकायला कोणाला मजा येते.

आता ते मंत्रमुग्ध. आपल्याकडे बातमी ठरलेली असते: अमुक बुवांच्या गायनाने रसिक मंत्रमुग्ध. कार्यक्रम कसाही होवो, रसिक मंत्रमुग्धच होतात, बहुधा बातमी आदल्या दिवशी लिहून ठेवलेली असते. चालेल का विचारलंत, तर चालतं, चूक नाही, पण ते नाणं गुळगुळीत झालंय, आणि शिवाय मुग्ध हा शब्द संस्कृतात मुह् धातूपासून येतो, त्याच धातूपासून मोह येतो आणि त्याच धातूचं दुसरं रूप म्हणजे मूढ. मुग्ध आणि मूढ सख्खे भाऊ. मंत्रमुग्ध म्हणजे मंत्राने गोंधळून बावळट झालेला. रसिकांना चालत असेल तर माझी हरकत नाही. पण यात गुलामी कुठे आहे? नाहीच.

गारूड घ्यायचं म्हणाल तर त्यात गरुड आहे, सापाचं विष उतरवायचा मंत्र, मग गारुडी, मग जादू. छान शब्द, पण मालकी नाही. भारणे, भारून टाकणे हे जवळ येतं, भारलेला दोरा, भारलेला अंगारा असतो तसं भारलेलं माणूस, पण त्यात दोरा आणि माणूस सारखेच, इच्छा कुणालाच नाही. अर्थाने सगळ्यात नेमका बसतो 'वश'. संस्कृतात वश् म्हणजे इच्छिणे, आणि वश होणे म्हणजे दुसऱ्याच्या इच्छेवर चालणे. वशीकरण हे थेट एन्थ्रॉल आहे. पण करता काय, लोकलच्या डब्यात चिकटवलेल्या बाबांच्या जाहिरातींनी तो शब्द असा काही नासवलाय की "बुवांनी श्रोत्यांना वश केलं" लिहिलं तर लोक लिंबू-मिरची शोधतील.

मग काय लिहायचं? रोजच्या बोलण्यातला 'खिळवून ठेवणे' आहे की! नाटकाने खिळवून ठेवलं, भाषणाने खिळवून ठेवलं. उठवत नाही ही गोष्ट त्यात आहे, पकड आहे, आणि त्यात चक्क खिळा आहे, कान दाराला ठोकलेला. ट्रेंचला मराठी येत असतं तर बिचाऱ्याला केवढा आनंद झाला असता. तेव्हा एन्थ्रॉलिंग मैफल म्हणजे खिळवून ठेवणारी मैफल, प्रेमाबिमाचं प्रकरण असेल तर 'ती म्हणेल ती पूर्व दिशा' असं सरळ लिहा, आणि त्या निवेदिकेला माइक देण्याआधी कुणीतरी हे वाचायला द्या.