गुलाबी पडलेलं रीळ

प्रश्न (अमळनेर): १९५८चा ‘नाडोडी मन्नन’ पाहिला. आधी कृष्णधवल आणि पुढे एकदम रंगीत! प्रिंट चुकीची जोडली होती का?

उत्तर: नाही, तो बनलाच तसा. नायक-दिग्दर्शक एम. जी. रामचंद्रन यांनी पुढचा भाग गेवाकलर या रंगीत फिल्मवर घेतला. तमिळमधला पहिला पूर्ण लांबीचा रंगीत चित्रपट, सेलमच्या मॉडर्न थिएटर्सचा ‘अलिबाबावुम् ४० तिरुडर्गळुम्’, १९५६लाच आला होता. पण रंगीत फिल्म महाग, शिवाय तिला उजेडही भरपूर लागे. ईस्टमनकलर या दुसऱ्या रंगीत फिल्मच्या १९५२च्या निगेटिव्हची गती, म्हणजे प्रकाश टिपण्याची क्षमता, अवघी २५ होती, १०० गतीच्या फिल्मपेक्षा चौपट प्रकाश हवा. १९५९चा ‘वीरपांडिय कट्टबोम्मन’ गेवाकलरवर चित्रित झाला, प्रिंट मात्र लंडनहून टेक्निकलर पद्धतीने काढून आणल्या. त्याचं महत्त्व पुढच्या उत्तरात कळेल.

प्रश्न (भुसावळ): आजोबांच्या टुरिंग टॉकीजची दोन रंगीत रिळं माळ्यावर सापडली. चित्र पार गुलाबी, वासही आंबट. शेजारचं कृष्णधवल रीळ मात्र स्वच्छ. असं का?

उत्तर: कृष्णधवल चित्र चांदीच्या कणांचं असतं, ते टिकतं. ईस्टमनकलरसारख्या प्रिंटमध्ये निळसर हिरवा, किरमिजी आणि पिवळा असे तीन रंगथर असतात. जुन्या प्रिंटमध्ये बहुतेकदा निळसर हिरवा थर आधी विरतो, तोही डब्यातल्या अंधारात, आणि उरतो गुलाबी. उष्णतेने हे झपाट्याने होतं. पत्र्याखालचा माळा आणि आपल्याकडचा मे महिना, दुसरं काय होणार! टेक्निकलर प्रिंटमध्ये तिन्ही रंग ठशासारखे एकावर एक उतरवत, ते कितीतरी पक्के.

आंबट वास म्हणजे ॲसिटेट या प्लॅस्टिकची पट्टी कुजतेय. ही आम्लाची वाफ चांगल्या रिळालाही लागते, म्हणून कृष्णधवल डबा आजच दुसऱ्या खोलीत हलवा. गंजलेले डबे टाकून हवा खेळेल असे प्लॅस्टिकचे घ्या. वर्तमानपत्रात गुंडाळू नका. सुती हातमोजे घालून पट्टी कडेनेच धरा. प्रोजेक्टरवर मुळीच चढवू नका: आकसलेल्या पट्टीची भोकं दात्यांशी जुळत नाहीत आणि ती टराटरा फाटते.

घरातली सगळ्यात थंड, कोरडी जागा निवडा. धाब्याच्या घराची आतली खोली माळ्यापेक्षा केव्हाही बरी. गेलेला रंग त्या पट्टीवर परत येत नाही. स्कॅन करून घेतल्यास उरलेल्या निळ्याच्या आधारे संगणकावर बराच तोल साधता येतो, पण तो निळाही रोज कमी होतोय. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला लिहा. पत्रात रिळाच्या कडेवरची अक्षरं जशीच्या तशी उतरवा.