मुलं आवडतात, पण त्यांचे आईवडील?

प्रश्न : मी मानसशास्त्राच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला आहे. लहान मुलांमध्ये मी मनापासून रमते. सरकारी खर्चाने चालणाऱ्या बालवाडी कार्यक्रमात काम करावं असं वाटतं. बाबा म्हणतात, 'पोरांची शी-शू काढायला पदवी कशाला हवी?' मैत्रीण म्हणते, खासगी प्रीस्कूल बरं, कटकट कमी. या क्षेत्रात पुढे वाढायला वाव आहे का? आता कोणता कोर्स करू?

उत्तर : तुझ्या पत्रात मुलं आहेत, पण त्यांचे आईवडील कुठेच नाहीत. कोर्सचं नंतर बघू, आधी याबद्दल बोलू.

सरकारी पैशातून चालणारे शिशुकार्यक्रम मुळात निव्वळ वर्ग भरवण्यासाठी सुरूच झाले नाहीत. अमेरिकेतला 'हेड स्टार्ट' १९६५ च्या उन्हाळ्यात सुरू झाला, तो गरिबीविरुद्धच्या सरकारी मोहिमेचा भाग म्हणून. पहिल्याच उन्हाळ्यात त्यात ५ लाखांहून जास्त मुलं आली. शिकवण्याच्या जोडीला आरोग्यतपासणी, जेवण आणि पालकांचा सहभाग हे तेव्हापासून त्यात आहे. भारतात २ ऑक्टोबर १९७५ रोजी ३३ प्रकल्पांवर सुरू झालेल्या एकात्मिक बालविकास सेवा योजनेत सहा सेवा होत्या. त्यातली शाळापूर्व शिक्षण ही फक्त एक. बाकी पाच म्हणजे पूरक आहार, लसीकरण, आरोग्यतपासणी, संदर्भसेवा (म्हणजे गरज पडली तर दवाखान्यात पुढे पाठवणं) आणि आयांना आहार-आरोग्याचं शिक्षण. ब्रिटनने १९९८ मध्ये जाहीर केलेला 'शुअर स्टार्ट'सुद्धा लहान मुलं आणि त्यांची कुटुंबं डोळ्यांसमोर ठेवूनच आखलेला होता.

म्हणजे या नोकरीत सकाळी तू मुलांबरोबर असशील आणि उरलेला दिवस मोठ्यांबरोबर. गृहभेटी, पालकसभा, दवाखान्याची चिठ्ठी घेऊन गेलेली आई परत आली का याची चौकशी, आणि भरपूर नोंदी. हेड स्टार्टमध्ये केंद्राऐवजी घरी जाऊन चालवायचा एक प्रकार आहे. त्यात दर आठवड्याला किमान दीड तासाची भेट असते आणि एका कार्यकर्तीकडे जास्तीत जास्त १२ कुटुंबं. आता स्वतःला त्या जागी ठेवून बघ. दार उघडणारी बाई रात्रपाळी करून आलेली आहे. सासू कोपऱ्यात बसून ऐकते आहे. टीव्ही चालू आहे. तू खेळणी काढून बाळाशी खेळायला लागलीस तर ती भेट फुकट गेली असं समज. खेळायचं आईने, आणि तेही घरातल्या वाट्या-झाकणांशी. तू शेजारी बसायचं, बघायचं आणि तिला नेमकं काय छान जमलं ते सांगायचं. तू गेल्यावर आठवडाभर त्या मुलाशी बोलणारी तीच आहे. तिच्या देखत 'बघा, असं करायचं' म्हणून करून दाखवणारी कार्यकर्ती मुलाला आवडते, पण घरात काही बदलत नाही.

अवघड प्रसंग पुढेच आहे. मूल दाखल झालं की बहुतेक चांगल्या कार्यक्रमांत विकासाची प्राथमिक तपासणी होते. हेड स्टार्टमध्ये त्याला ४५ दिवसांची मुदत आहे. समज, तीन वर्षांचा मुलगा पाठीमागून हाक मारली की वळत नाही. त्याची श्रवणतपासणी व्हायला हवी हे आईला कसं सांगशील? 'याला ऐकू येत नाही वाटतं' असं तू म्हणायचं नसतं, तो तुझा अधिकारच नाही. आणि 'काही काळजी करू नका' असंही म्हणायचं नसतं, कारण मग ती तपासणीला जाणारच नाही. काय पाहिलं, कधी पाहिलं, किती वेळा पाहिलं तेवढंच सांगायचं आणि घरी तिला काय दिसतं ते विचारायचं. तुझं मानसशास्त्र उपयोगी पडेल ते इथे.

बाबांना सांग, शी-शू काढावी लागते, खरंच लागते. पण महिनाभर कोरडं राहणारं मूल अचानक रोज ओलं व्हायला लागलं, तर ते आजारी आहे की घरात काही बिघडलंय, हे ओळखायचं शिक्षण लागतं. अमेरिकेच्या २००७ च्या कायद्याने हेड स्टार्टच्या निदान निम्म्या शिक्षकांना पदवीधर असणं देशपातळीवर बंधनकारक केलं, ते उगाच नाही.

मैत्रिणीचंही पूर्ण चूक नाही. खासगी ठिकाणी गट लहान असू शकतो, सामान नवं असतं, कागदपत्रं कमी. मात्र तिथे पालक हा ग्राहक असतो आणि चौथ्या वर्षी मुलाने पानभर लिहावं असा त्याचा हट्ट पुरवावा लागतो. मला विचारशील तर ती कटकट जास्त वाईट.

पैशाबद्दल स्पष्टच सांगते. बहुतेक देशांत या क्षेत्राचा पगार प्राथमिक शिक्षकापेक्षा कमी असतो, अनेक पदं मानधनावर किंवा कंत्राटी असतात, आणि अंदाजपत्रकाला कात्री लागली की झळ आधी इथे बसते. वर जायच्या वाटा आहेत : पर्यवेक्षिका, प्रशिक्षक, विशेष गरजा असलेल्या मुलांसाठीचं काम, कार्यक्रमाचं मूल्यमापन, धोरण. पण वर गेलेल्या चांगल्या लोकांनी आधी दोन-तीन वर्षं जमिनीवर बसून काम केलेलं असतं.

'पहिली पाच वर्षं सुधारली की आयुष्य बदलतं' अशी भाषणं तू ऐकली असशील. त्यांचा मोठा आधार म्हणजे मिशिगनमधल्या इप्सिलँटीचा पेरी प्रीस्कूल प्रकल्प. १९६२ ते १९६७ या काळात चाललेल्या त्या प्रयोगात १२३ मुलं होती, त्यातली ५८ प्रत्यक्ष कार्यक्रमात, बाकीची तुलनेसाठी. चाळिशीपर्यंत त्यांचा मागोवा घेतला तेव्हा कार्यक्रमातल्यांची कमाई जास्त आणि अटका कमी निघाल्या. तिथे पदवीधर शिक्षिका दर आठवड्याला घरी जात होत्या, हे मात्र भाषणात गळतं. उलट बाजूला हेड स्टार्टच्या मोठ्या राष्ट्रीय अभ्यासात सुरुवातीचे फायदे तिसरीपर्यंत बरेचसे विरले होते, आणि टेनेसी राज्याच्या बालवाडी कार्यक्रमातली मुलं सहावीत इतरांपेक्षा मागे पडल्याचं २०२२ मध्ये प्रसिद्ध झालं. त्यामुळे कार्यक्रम सरकारी आहे एवढ्यावर भुलू नकोस. मुलाखतीला जाशील तेव्हा तूही विचार : एका शिक्षिकेमागे किती मुलं, गृहभेटीला वेळ पगारी आहे की शाळा सुटल्यावरचा, तपासणीत शंका आली तर मूल पुढे पाठवायचं कुठे? तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर नसेल तर तिथली तपासणी कागदापुरती आहे.

आता कोर्स. बालविकास किंवा पूर्वप्राथमिक शिक्षणातला असा अभ्यासक्रम निवड, ज्यात देखरेखीखाली प्रत्यक्ष काम असेल. मोजमाप हवं तर अमेरिकेतलं 'चाइल्ड डेव्हलपमेंट असोसिएट' प्रमाणपत्र बघ : शिक्षण १२० तासांचं आणि मुलांबरोबर काम ४८० तासांचं. म्हणजे वाचनाच्या चौपट करणं. जिथे हे उलटं आहे, किंवा सगळं घरबसल्या पंधरा दिवसांत उरकतं, तिथे फी भरू नकोस.

पण त्याआधी, परीक्षा झाली की एखाद्या केंद्रात दोन महिने स्वयंसेवक म्हणून जा, आणि वर्गात नको, गृहभेटींना सोबत न्या अशी विनंती कर. कुटुंबांची परवानगी लागेल, ती केंद्रामार्फतच घे. रोज संध्याकाळी एक पान लिही : आज कोण काय बोललं, मी काय बोलले. दोन महिन्यांनी ती वही वाचताना आयांच्या बोलण्याचा कंटाळा आला, तर बालमानसशास्त्रातलं पदव्युत्तर शिक्षण आणि संशोधन ही तुझी वाट असू शकते. तीही चांगली आहे. वही भरून उरली, तर पूर्वप्राथमिकचा अर्ज भर आणि बाबांना एकदा तुझ्याबरोबर केंद्रावर घेऊन जा.