तोतया माणूस, बनावट कागद

प्रश्न आला आहे की, जमीनमालकाच्या जागी भलत्यालाच उभं करून खरेदीखत नोंदवलं, तर बातमीत त्याला ‘तोतया दस्त’ म्हणावं का?

अजिबात नाही. हल्ली हे सारखं कानावर येतं आणि संताप होतो. तोतया माणूस असतो. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणून मिरवला आणि 1776 मध्ये देहान्ताची शिक्षा भोगली, तो तोतया. कागद, सही, शिक्का हे बनावट. कायदाही दोन्ही गुन्हे वेगळे धरतो. भारतीय न्याय संहितेत तोतयेगिरी करून ठकवण्याचं कलम 319, शिक्षा 5 वर्षांपर्यंत. खोट्या दस्ताचं 336, तिथे 2 वर्षांपर्यंत, ठकवण्यासाठी केला असेल तर 7.

पण खरा रस आहे तो बनावट याच अर्थाच्या ‘जाली’ या शब्दात. जाली नोटेत माणूस जाळ्यात सापडतो म्हणून ती जाली, असं भले भले जाणकार सांगतात. मग ळ गेला कुठे? संस्कृत ‘जाल’ मराठीच्या तोंडी रुळला की जाळं होतो, जाळी होतो. ‘मायाजाल’ दाखवू नका, तो तत्सम समास आहे. जाली आला अरबी ‘जअल’वरून. जअल म्हणजे करणं, बनवणं. जअली म्हणजे मुद्दाम बनवलेलं. आणि आपला ‘बनावट’ कशावरून? बनवण्यावरूनच! अरबस्तानातून आलेला शब्द आणि घरचा शब्द, दोघांनी एकच गोष्ट पकडली: खोट आहे ती घडवण्यात. न्याय संहितेआधीच्या भारतीय दंड संहितेच्या मराठी अनुवादात मात्र याच शब्दाला ‘करण’ जोडून ‘बनावटीकरण’ केलं. बनावटीत करणं आधीच आहे, ते पुन्हा कशाला? हिंदीतली ‘कूटरचना’ इकडे आणू पाहणाऱ्यांचं तर मला मुळीच पटत नाही.

न्यायालयंही घडवणाऱ्यालाच शोधतात. तोतया उभा करून आपल्या नावे मुखत्यारपत्र करून घेतलं, पण दस्त स्वतः केला नाही, अशा माणसाला बनावट दस्त केल्याबद्दल दोषी धरता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये सांगितलं. बनावट कागद खरा म्हणून वापरणं हा निराळा गुन्हा, कलम 340. त्याआधी 2009 मध्ये याच न्यायालयाने म्हटलं होतं की, दुसऱ्याची जमीन ‘माझीच’ म्हणून स्वतःच्या नावाने विकली, तर दस्तातला दावा खोटा, पण दस्त बनावट नव्हे. कारण तिथे सही करणारा दुसरा कुणी असल्याचं भासवत नाही.