पेरूत पाच दिवस, सोबत आईबाबा: इंका स्थळांची एका दिवसाची टूर घ्यावी का?

प्रश्न थोडक्यात असा आहे: तुम्ही ह्यूस्टनला राहता, पुण्याहून आईबाबा आले आहेत (वय ६४ आणि ६९), ऑगस्टमध्ये सगळे मिळून पेरूला जाणार आणि हातात जेमतेम पाच दिवस. इंकांची जुनी राजधानी कुस्को, तिथून निघणारी एका दिवसाची गाईडेड टूर घेऊन 'इंकांचं सगळं' बघून घ्यावं आणि दुसऱ्या दिवशी माचू पिचू करावं, की गाईडशिवाय आपलं आपण फिरावं?

गाईड घ्याच. पण ती एका दिवसाची टूर घेऊ नका. मी तिकडे तीनदा जाऊन आले आहे आणि पहिल्यांदा नेमकी हीच चूक केली होती, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

२०१६ साली नवरा आणि मी असे दोघंच होतो. सकाळी सातला कुस्कोहून बस निघाली. पिसाकला एक तास, मग खाली गावात चांदीच्या दागिन्यांच्या दुकानात जवळजवळ तेवढाच वेळ, उरुबांबाला बुफे जेवण, ओयांतायतांबोला पाऊण तास, आणि परतताना अंधार पडता पडता चिंचेरो. ओयांतायतांबोला गाईड झपझप पायऱ्या चढत वर गेला, बावीस माणसं त्याच्या मागे. साधारण दोनशे पायऱ्या आहेत. निम्म्यावर नवऱ्याला धाप लागली आणि तो तिथेच बसून राहिला. मी वर पोचले तेव्हा गाईडचं बोलून झालं होतं. त्या दिवसाचे माझ्याकडे शंभरेक फोटो आहेत आणि त्यातली कितीतरी भिंत कुठली, हे मला आज सांगता येत नाही. त्या कंपनीचा यात विशेष दोष नाही, या टूरचा साचाच तसा आहे. कुठलीही घेतलीत तरी थोड्याफार फरकाने हाच दिवस मिळेल.

२०१९ ला सासूबाईंना घेऊन गेले तेव्हा मी उलट केलं. गाईड फक्त अर्ध्या दिवसासाठी घेतली आणि जागाही एकच, ओयांतायतांबो. ती तिथल्याच उरुबांबा खोऱ्यात वाढलेली, मातृभाषा केचुआ, म्हणजे इंकांचीच भाषा, इंग्रजी स्वच्छ. तिने आम्हाला आधी किल्ल्यावर नेलंच नाही, गावातल्या गल्ल्यांतून फिरवलं. ते गाव इंकांनी आखलेलं आहे आणि लोक आजही त्याच आखणीत राहतात. खाली इंकांच्या भिंती, वर नंतर चढवलेलं मातीच्या विटांचं बांधकाम, आणि गल्लीच्या कडेने दगडी पाटातून खळखळत जाणारं पाणी. एका दारात बाई बटाटे निवडत बसली होती. सासूबाई तिथेच रेंगाळल्या. आपण ज्याला बटाटा म्हणतो तो शब्द पोर्तुगीजांकडून आला, पण तो पिकवायला शिकले ते याच अँडीज पर्वतातले लोक. रात्रीच्या गोठवणाऱ्या थंडीत ठेवून आणि दिवसाच्या उन्हात वाळवून ते बटाट्याचा 'चुन्यो' करतात, तो वर्षानुवर्षं टिकतो. गाईडने समोरच्या पिंकुयुना डोंगराकडे बोट दाखवलं. उभ्या कड्यावर इंकांची कोठारं आहेत, वाऱ्याच्या मार्गात मुद्दाम बांधलेली, धान्य थंड आणि कोरडं राहावं म्हणून.

मग आम्ही हळूहळू वर गेलो. अर्ध्या वाटेत दोनदा बसलो. वरती सूर्यमंदिराची भिंत आहे. गुलाबी छटेचे सहा उभे प्रचंड दगड आणि त्यांच्यामध्ये घट्ट बसवलेल्या दगडाच्याच अरुंद पट्ट्या. हे दगड तिथले नव्हेत. नदीपलीकडच्या डोंगरावर काचिकाता नावाची खाण आहे, तिथून ते खाली आणले, नदी पार केली आणि उतार बांधून इथवर ओढत चढवले. घोडा नाही, बैल नाही, ओझ्यासाठी चाकही नाही. काही दगड वाटेतच राहून गेले. त्यांना तिथे 'थकलेले दगड' म्हणतात.

दुपार कलत आली होती. गाईड म्हणाली, ऊन जरा तिरपं होऊ दे. मग तिने एका दगडाजवळ वाकून बघायला सांगितलं, हात न लावता. समोरून गुळगुळीत दिसणाऱ्या त्या पृष्ठभागावर असंख्य बारीक खळगे होते, मधल्या भागात जरा मोठे आणि कडेला येता येता अगदी नाजूक. सासूबाई पटकन म्हणाल्या, "अगं, पाट्याला टाकी लावतात तसं आहे हे!" आणि हाताने ठोकून दाखवलं. गाईडला मराठी कुठून कळणार, पण हात बघून ती जोरजोरात मान हलवायला लागली. लोखंड नव्हतं, म्हणून ते कठीण गोटे हातात धरून दगड ठोकत. मध्ये मोठ्या गोट्याने, आणि कड फुटू नये म्हणून कडेला लहान गोट्याने हलक्या हाताने. अमेरिकेतल्या बर्कले विद्यापीठातले स्थापत्यशास्त्राचे प्राध्यापक ज्याँ-पिएर प्रोत्झेन यांनी स्वतः गोटे घेऊन दगड घडवून पाहिले आणि तशाच खुणा उमटतात हे दाखवून दिलं. सासूबाईंच्या लहानपणी दारावर टाकी लावणाऱ्या बाया येत. त्यांना ती भिंत माझ्याआधी कळली. चांगला गाईड कशासाठी हवा, याचं माझ्याकडे याहून चांगलं उत्तर नाही. परग्रहवासीयांनी दगड वितळवले वगैरे गोष्टी सांगणारा गाईड भेटला तर सरळ दुसरा बघा. ज्यांनी हे घडवलं त्या माणसांचे वंशज त्याच गावात राहतात.

त्याच जागेवरून खालचं मैदान दिसतं. १५३७ च्या सुरुवातीला मांको इंका या राजाने इथे स्पॅनिश फौजेला मागे रेटलं. कालव्यांचं पाणी मैदानात सोडून घोड्यांना चिखलात अडकवलं. अर्ध्या तासात वर जाऊन खाली येणाऱ्या टूरमध्ये हे सांगायला वेळच नसतो.

आता उंचीचं बघू, कारण आईबाबा सोबत आहेत. कुस्को सुमारे ३,४०० मीटरवर आहे, म्हणजे कळसूबाईच्या दुपटीहून जास्त. तुमच्यापैकी कोणी लेहला गेलं असेल तर तोच अनुभव समजा. ह्यूस्टन आणि पेरूची राजधानी लिमा दोन्ही समुद्रसपाटीला, आणि लिमाहून विमान दीड तासाच्या आत तुम्हाला तिथे नेऊन सोडतं. शरीराला सवय व्हायला वेळच मिळत नाही. त्यामुळे पहिली रात्र कुस्कोत काढू नका. विमानतळावरून गाडी करून थेट ओयांतायतांबो गाठा, ते २,८०० मीटरच्या आसपास आहे. पिसाककडून गेलात काय किंवा चिंचेरोवरून काय, वाटेत रस्ता काही वेळ ३,७०० च्या आसपास चढतोच, पण मग खाली उतरतो. माचू पिचू २,४३० मीटरवर आणि त्याच्या पायथ्याचं आग्वास कालिएंतेस त्याहूनही खाली. म्हणून आधी खाली उतरायचं, माचू पिचू करायचं आणि कुस्को शेवटी ठेवायचं. बहुतेक टूर नेमक्या उलट क्रमाने नेतात. बाबांना रक्तदाब किंवा हृदयाचं काही असेल तर निघण्याआधी त्यांच्या डॉक्टरांशी बोला. उंचीच्या त्रासावरच्या डायमॉक्स या गोळीबद्दलही त्यांनाच विचारा, मनाने सुरू करू नका. सल्फाची ॲलर्जी असेल तर ते आवर्जून सांगा.

तिथे सगळीकडे कोकाच्या पानांचा चहा मिळतो. तिथे तो अगदी सर्रास चालतो, प्यायला हरकत नाही. पण येताना पानं किंवा चहाच्या पिशव्या बॅगेत टाकू नका. अमेरिकेतही आणि भारतातही ते बेकायदा आहे. मला स्वतःला मुन्या नावाच्या पुदिन्यासारख्या वनस्पतीचा चहा जास्त आवडला, पोटालाही बरा वाटतो.

पाच दिवसांची आखणी मी अशी करेन. पहिला दिवस विमान, गाडी आणि विश्रांती, संध्याकाळी फक्त गावात फेरफटका. दुसऱ्या दिवशी ओयांतायतांबो गाईडबरोबर, निवांत. दम असेल तर सकाळी मोराय आणि मारासची मिठागरं करून या, नसेल तर सोडून द्या. मोरायच्या गोल गोल उतरत्या पायऱ्यांचं शेत सुंदर आहे, पण ते वरून पाहिलं तरी पोचतं. तिसऱ्या दिवशी ओयांतायतांबोहूनच ट्रेन, पावणेदोन तासांच्या आसपास. त्या रात्री आग्वास कालिएंतेसला मुक्काम. चौथ्या दिवशी सकाळी माचू पिचू, संध्याकाळी परत कुस्को. पाचव्या दिवशी कुस्कोत कोरिकांचा हे सूर्यमंदिर आणि जमल्यास शहराच्या वरचा साक्सायवामान हा दगडी किल्ला. पिसाक यात नाही, मला माहीत आहे. पिसाकच्या शेतांच्या पायऱ्या मला फार आवडतात, तरी आईबाबांबरोबर मी ते सोडलं असतं.

कुस्कोच्या आसपासच्या सोळा ठिकाणांसाठी एकत्रित तिकीट असतं, बोलेतो तुरिस्तिको. २०२४ मध्ये पूर्ण तिकीट १३० सोल (सोल हे पेरूचं चलन) होतं, दहा दिवस चालणारं, आणि अर्धवट तिकीट ७० सोल. ओयांतायतांबो आणि साक्सायवामान वेगवेगळ्या अर्धवट तिकिटांत येतात. दोन्ही पाहायचं असेल तर दोन सत्तरची घेण्यापेक्षा पूर्णच घ्या. माचू पिचू, कोरिकांचा आणि मारास यात धरलेले नाहीत. टूरवाल्यांच्या 'स्वस्त' दरात बहुधा हे तिकीट नसतंच, ते आधी विचारून घ्या.

माचू पिचूचं तिकीट सगळ्यात आधी काढा. २०२४ पासून तिथे तीन सर्किट आहेत आणि तिकिटावर तारीख, वेळ आणि वाट ठरलेली असते. ऐन वेळी बदलता येत नाही. ऑगस्ट हा गर्दीचा काळ, त्यामुळे महिनोनमहिने आधी बघायला लागा. सर्किट १ वरच्या बाजूने जातं, तिथून तो प्रसिद्ध फोटो मिळतो, पण नगरात शिरता येत नाही. सर्किट २ मध्ये फोटोही आणि नगरही, पायऱ्या बऱ्याच. सर्किट ३ खालच्या भागातून जातं, चढ कमी, पण वरून दिसणारं ते पूर्ण दृश्य नाही. गुडघे ठीक असतील तर सर्किट २ साठी थांबा, नसतील तर ३. आत स्वच्छतागृह नाही आणि बाहेर पडल्यावर पुन्हा आत सोडत नाहीत, हे आईबाबांना आधीच सांगून ठेवा. मूळ पासपोर्ट सोबत हवा. वर जायला बस आहे, साधारण अर्ध्या तासाची.

तिथे गाईडला पाण्याबद्दल विचारा. सगळे राजे आणि देवळांबद्दल विचारतात. डोंगरातल्या झऱ्याचं पाणी सुमारे ७५० मीटर लांबीच्या दगडी पाटातून आणून एकाखाली एक अशा सोळा कारंज्यांतून फिरवलं आहे. पाऊस तिथे भरपूर, तरी जमीन खचलेली नाही, कारण शेताच्या पायऱ्यांखाली दगडगोटे आणि वाळूचे थर घालून पाणी मुरायची सोय केलेली आहे. सह्याद्रीतल्या गडांवरची टाकी पाहत वाढलेल्या माणसाला हे बघून जो आनंद होतो तो वेगळाच. आणि १९११ साली हायरम बिंगहॅम या अमेरिकी संशोधकांनी हे 'शोधलं' असं कोणी सांगितलं तर त्यांना वर घेऊन जाणाऱ्या मेल्चोर आर्तेआगा या शेतकऱ्याचं नाव लक्षात ठेवा. अगुस्तीन लिझारागा तर तिथे १९०२ मध्येच पोचले होते, भिंतीवर नाव लिहून आले होते. बिंगहॅम यांनी येल विद्यापीठात नेलेल्या वस्तू शंभर वर्षांनी परत आल्या. त्या कुस्कोत कासा कोंचा संग्रहालयात आहेत. शेवटच्या दिवशी तासभर वेळ मिळाला तर नक्की बघा.

कोरिकांचाला मात्र घाई करू नका. इंकांचं मुख्य सूर्यमंदिर, भिंतींना सोन्याचे पत्रे मढवलेले. स्पॅनिशांनी कैद केलेल्या इंका सम्राट अताहुआल्पाच्या सुटकेच्या खंडणीसाठी ते उचकटून नेले आणि खंडणी घेऊनही त्यांचा सेनापती पिझारो याने १५३३ मध्ये त्याला मारलं. मग मंदिरावर सांतो दोमिंगोचा मठ उभा राहिला. १९५० च्या भूकंपात मठाची मोठी पडझड झाली, इंकांच्या भिंती तशाच उभ्या राहिल्या. आत किंचित कललेल्या त्या भिंतीजवळ उभं राहिलं की मला दरवेळी गलबलून येतं.

गाईड निवडताना एवढं बघा: सरकारमान्य ओळखपत्र आहे का, आणि 'दुकानात थांबणार नाही' हे आधी कबूल करतो का. ग्रुपपेक्षा स्वतंत्र गाईड महाग पडेल, पण चौघांत वाटून जमतं आणि आईबाबांच्या चालीने चालता येतं. मला तीही सोय गाईडइतकीच मोलाची वाटते.

खाण्याचं: 'सिन कार्ने' (स्पॅनिशमध्ये 'मांसाशिवाय') म्हटलं तरी चिकन येऊ शकतं, म्हणून 'सिन पोयो' ('चिकनशिवाय') असंही म्हणा. किन्वाचं सूप मागताना ते कशाच्या पाण्यात शिजवलंय तेही विचारा. मक्याचं कणीस आणि चीज कुठेही मिळतं. ऑगस्टमध्ये दिवसा ऊन, रात्री कडाक्याची थंडी, कानटोपी हवीच.

व्हिसाचं म्हणाल तर, भारतीय पासपोर्टवर किमान सहा महिने वैध असलेला अमेरिकेचा व्हिसा असेल तर पेरूचा वेगळा लागत नाही. तरी आईबाबांच्या व्हिसावरची तारीख बघून वकिलातीच्या साइटवर एकदा खात्री करा.

बाबांना जिने चढताना त्रास होतो का, हे तुम्ही लिहिलेलं नाही. ते कळवा, म्हणजे सर्किट २ की ३ ते नक्की सांगता येईल. तोवर निदान ट्रेन आणि विमान बुक करू नका, माचू पिचूची तारीख हातात आल्यावरच बाकीचं त्याभोवती बसवा.