अहमदाबादच्या पोळांत संध्याकाळी फिरताना

पोळांत, म्हणजे जुन्या शहरातल्या या गल्ल्यांत, गाइडसोबत पहिल्यांदाच जाताय तर पोटभर जेवून निघू नका. फेरी माणेक चौकात संपणार असेल, तर दिवसा सराफी असलेल्या त्या चौकात दुकानं बंद झाल्यावरच खाण्याच्या गाड्या लागतात.

गाइडच्या मागे नको, खांद्याला खांदा लावून चाला. पोळ म्हणजे एका दारातून आत शिरणारी गल्ली. ती पुढे फुटते, कधी बंदच होते. फोटोसाठी दोन मिनिटं रेंगाळलात की घोळका दिसेनासा होतो. त्यात स्कूटर अगदी अंगाला घासून जातात, म्हणून कानात इयरफोन नकोत.

घरांवरचं लाकडी कोरीवकाम अंधारात बघायचं तर फ्लॅश बंद. समोरून प्रकाश पडला की नक्षी सपाट दिसते. छोटी टॉर्च बाजूने तिरपी धरा, वेलींचे कंगोरे उठून येतात. खिडक्यांत मात्र मारू नका, आत लोक राहतात.

तीन दरवाजा, म्हणजे तीन कमानींची जुनी वेस, वाटेत असेल तर थांबायला सांगाच. तिथे मराठा सुभेदार चिमणाजी रघुनाथ यांचा 1812 चा देवनागरी शिलालेख आहे: वडिलांच्या मिळकतीत मुलीलाही वाटा द्यावा, असा. आपल्याकडचे बरेच जण त्याच्या खालून तसेच निघून जातात.